सीझर सॅलड: पाणी कुठे हवं, कुठे नको

सीझर सॅलडचं साहित्य मोजकंच आहे: रोमेन लेट्यूस (लांब, ताठ पानांची सॅलडची भाजी), अंडं, तेल, लिंबू, लसूण, अँचोवी (खारवलेले छोटे मासे), पार्मेझान चीज आणि ब्रेड. शिजवायचं जवळपास काहीच नाही. त्यामुळे पहिल्यांदा करणाऱ्याला वाटतं, सगळं एकत्र कालवलं की झालं. मग सॅलड टेबलावर येतं, दोन घास होतात आणि भांड्याच्या तळाशी पांढुरकं पाणी साचू लागतं. वर तेलाचा तवंग, पानं लुळी पडलेली, ब्रेडचे तुकडे भिजून मऊ. चव वाईट नसते, पण खाताना ओला पाला चावल्यासारखं वाटतं.

हे बिघाड वेगवेगळे दिसत असले तरी मूळ बहुतेक वेळा एकच असतं: पाणी नको तिथे गेलेलं असतं. पानाच्या आत पाणी भरपूर हवं, पानावर एक थेंबही नको. सॉसमध्ये थोडं हवंच, नाहीतर सॉस फुटतो, म्हणजे त्यातलं तेल सुटं होतं. ब्रेडमध्ये अजिबात नको. एवढं डोक्यात असलं की रेसिपीतली कुठली पायरी कशासाठी आहे ते आपोआप कळतं, आणि कुठली गाळली तर चालेल तेही.

आधी थोडा इतिहास, कारण त्यात एक उपयोगाची गोष्ट आहे. रोमच्या ज्युलियस सीझरचा इथे काही संबंध नाही. हे सॅलड मेक्सिकोतल्या तिहुआना शहरातलं, सीझर कार्डिनी नावाच्या मूळच्या इटालियन माणसाच्या रेस्टॉरंटमधलं. अमेरिकेत १९२० पासून दारूबंदी लागू होती आणि तिहुआना अगदी सीमेला लागून. कॅलिफोर्नियातली मंडळी खायला-प्यायला सीमा ओलांडून तिथे जायची. कार्डिनींच्या मुलीने, रोझा यांनी सांगितलेली हकीकत अशी, की १९२४ च्या ४ जुलैला, अमेरिकेच्या स्वातंत्र्यदिनी, गर्दी इतकी झाली की स्वयंपाकघरातलं सामान संपत आलं, आणि कार्डिनींनी उरल्यासुरल्या जिनसांतून गिऱ्हाइकांच्या टेबलापाशीच हे सॅलड कालवलं. हकीकत जरा जास्तच नेटकी आहे. शिवाय दावेदारही एकटे कार्डिनी नाहीत. त्यांचे भाऊ ॲलेक्स यांनीही श्रेयावर हक्क सांगितला, आणि त्याच स्वयंपाकघरात काम केलेल्या लिव्हिओ सांतिनी यांचं म्हणणं होतं की ही कृती आपल्या आईची.

प्रसिद्ध अमेरिकन पाककृतिलेखिका जूलिया चाइल्ड लहानपणी, १९२० च्या दशकाच्या मध्यात, आईवडिलांबरोबर तिथे जेवल्या होत्या. पुढे त्यांनी रोझा यांच्याकडून मूळ कृती विचारून घेतली आणि १९७५ च्या आपल्या पुस्तकात छापली. त्या कृतीत पानं अख्खी असतात, देठाकडून बोटांनी उचलून खायची. आणि त्यात अँचोवी नाही! मासळीची जी पुसटशी चव लागते ती वूस्टरशर सॉसची. पण त्या सॉसमध्ये चिंच, व्हिनेगर यांच्याबरोबर अँचोवी असतेच. म्हणजे ‘अस्सल सीझरमध्ये अँचोवी नसते’ असं ठासून सांगणारेही अँचोवी खातच असतात, फक्त बाटलीतून. मी सरळ अँचोवी घालण्याच्या बाजूचा आहे.

उपयोगाची गोष्ट म्हणजे ते टेबलापाशी कालवणं. त्यात थोडं नाटक होतं हे खरं, पण कालवल्यापासून तोंडात जाईपर्यंत मध्ये वेळच उरत नव्हता. या सॅलडला वाट बघणं सोसत नाही. का, ते पानापासून सुरू केलं की समजतं.

लेट्यूसचं पान कुरकुरीत लागतं कारण त्याच्या पेशी पाण्याने तट्ट फुगलेल्या असतात. चावताना त्या फुटतात, तोच तो कुरकुर आवाज. पान तोडल्यावर पेशींतलं पाणी हळूहळू उडतं, पेशी सैलावतात आणि पान मान टाकतं. पण पेशी जिवंत असेपर्यंत त्यांना पाणी परत देता येतं. म्हणून रोमेनची पानं सुटी करून बर्फाच्या नाहीतर फ्रिजमधल्या गार पाण्यात पंधरा-वीस मिनिटं ठेवायची. बाहेरचं पाणी साधं, आतला रस क्षार-साखरेने दाट. त्यामुळे पाणी आपसूक आत ओढलं जातं. आणताना लवचिक झालेली पानं या वेळात पुन्हा ताठ होतात. या पाण्यात मीठ मात्र घालू नये, नाहीतर उलटंच घडतं आणि पाणी पानातून बाहेर येतं.

रोमेनच का, तर त्याच्या मधल्या जाड शिरेमुळे. त्या शिरेत पाणी मावतं, आणि दाट सॉसचा भार पेलण्याइतकं पान मजबूत राहतं. मऊ पानांच्या जाती या सॉसखाली लगेच दबतात. चौघांसाठी दोन मध्यम गड्डे पुरतात. बाहेरची गडद, जून पानं काढून टाका. खरा माल आतल्या फिकट हिरव्या-पिवळ्या पानांत असतो.

आता दुसरी बाजू. पानाच्या आत हवं असलेलं पाणी पानावर राहिलं तर सगळं फिसकटतं. पानाच्या पृष्ठभागावर मेणासारखा पातळ थर असतो. त्यावर पाण्याचे मणी उभे राहतात, आणि सॉस त्या मण्यांवरून घसरून तळाशी जातो. तिथे पाणी आणि सॉस मिसळून तो पांढुरका डोह तयार होतो. पानं गरगर फिरवून पाणी झटकणारी सॅलडची जाळी असली तर उत्तम. नसली तर मोठं सुती कापड पसरायचं, पानं एका थरात मांडायची, वर दुसरं कापड टाकून हलक्या हाताने दाबायचं. मधल्या शिरेच्या खळगीत पाणी दडून बसतं, तिथे बोटाने पुसून घ्यायला लागतं. कंटाळवाणं काम आहे, पण यात टंगळमंगळ केली तर पुढे कितीही चांगला सॉस केला तरी उपयोग नाही. पुसलेली पानं कोरड्या कापडात सैल गुंडाळून वाढेपर्यंत फ्रिजमध्ये ठेवायची.

सॉस हा या सॅलडचा अवघड भाग, आणि सगळ्यात मजेशीरही. लिंबाचा रस म्हणजे मुख्यतः पाणी. ते आणि तेल बाटलीत घालून खळखळून हलवलं तर क्षणभर एकजीव दिसतात, आणि पाहता पाहता वेगळे होतात. सुटं झालेलं तेल पानाच्या दृष्टीने घातक असतं. पानाचा तो मेणाचा थर पाण्याला अडवतो, पण तेलाला अडवत नाही. तेल आत झिरपतं, पेशींच्या मधल्या हवेच्या जागा भरून टाकतं, आणि पानावर काळपट, अर्धपारदर्शक डाग उमटतात. थोड्याच वेळात तिथलं पान लुळं पडतं. लोक लिंबाला दोष देतात, पण पान कोमेजवण्यात तेल जास्त घाई करतं.

उपाय हा की तेलाचे अतिसूक्ष्म थेंब करायचे आणि प्रत्येक थेंबाभोवती पाण्याचं वेष्टण ठेवायचं. याला पायस म्हणतात. मेयोनेझ हे त्याचंच उदाहरण. हे थेंब एकमेकांत मिसळून पुन्हा मोठे होऊ नयेत म्हणून मध्ये कुणीतरी उभं राहावं लागतं, आणि ते काम अंड्याचा बलक करतो. बलकात लेसिथिन नावाचा पदार्थ असतो. त्याच्या रेणूचं एक टोक तेलात रमतं, दुसरं पाण्यात. तेलाचा थेंब तयार झाला रे झाला की हे रेणू त्याच्याभोवती गोळा होतात: तेलकट टोकं आत, पाण्याकडची टोकं बाहेर. बलकातली प्रथिनंही हेच काम करतात. आता दोन थेंब शेजारी आले तरी एकमेकांत विरघळत नाहीत. मोहरीच्या पेस्टनेही याला हातभार लागतो, म्हणून मूळ कृतीत नसूनही एक छोटा चमचा डीजॉन मस्टर्ड घालावं.

तेल थेंबाथेंबाने घाला, असं प्रत्येक रेसिपी बजावते. कारण साधं आहे. सुरुवातीला भांड्यात बलक आणि रस एवढंच असतं. त्यात एकदम पळीभर तेल पडलं तर व्हिस्क (फेटायची तारांची रवी) त्याचे बारीक थेंब करूच शकत नाही. तेलाचे मोठाले गोळे इकडून तिकडे सरकत राहतात आणि शेवटी तेच बाहेरचा थर होऊन बसतात. थेंब थेंब घातलं तर प्रत्येक थेंबाचे शेकडो तुकडे होतात. पहिले दोन-तीन चमचे तेल जिरलं की मिश्रण थोडं दाट होतं, आणि दाट मिश्रणात व्हिस्कची ओढ जास्त बसते, त्यामुळे पुढचं तेल आणखी सहज फुटतं. मग बारीक धार चालते. म्हणजे सगळा संयम पहिल्या दोन मिनिटांतच हवा.

नजर भांड्यात ठेवली की हा बदल दिसतो. आधी मिश्रण गडद पिवळं आणि चकाकतं असतं. हळूहळू रंग फिकटतो, कारण असंख्य थेंब प्रकाश सगळीकडे विखुरतात. मग व्हिस्कच्या तारांमागे रेघा उमटतात आणि लगेच मिटतात. आणखी थोड्या वेळाने मिटायच्या थांबतात. सीझरसाठी इथेच थांबायचं असतं, किंबहुना थोडं अलीकडेच. मेयोनेझइतका घट्ट सॉस पानाला लागत नाही, पानावर ढेकळासारखा बसतो.

आणि इथेच पुन्हा पाणी येतं. डब्यात गोट्या भरताना कितीही हलवल्या तरी मधल्या फटी उरतातच, तशा तेलाच्या गोल थेंबांच्या मधल्या फटी पाण्याने भरलेल्या असतात. एकसारखे गोळे नीट रचले तरी जास्तीत जास्त ७४ टक्के जागा व्यापतात. लहानमोठे थेंब एकमेकांच्या फटींत बसतात म्हणून प्रत्यक्षात याहून थोडं जास्त तेल मावतं, पण मर्यादा आहेच. ती ओलांडली की फटींत पाणी पुरत नाही, थेंब एकमेकांवर दाबले जातात, आणि सॉस फुटतो. त्यामुळे सॉस फारच घट्ट, चकचकीत, हलत नाहीसा झाला तर घाबरून तेल वाढवू नका. एक छोटा चमचा पाणी घाला. फुटलाच, तर टाकून द्यायची गरज नाही: स्वच्छ भांड्यात एक चमचा पाणी आणि थोडं मस्टर्ड किंवा नवा बलक घ्यायचा आणि फुटलेला सॉस त्यात थेंबाथेंबाने फेटत घालायचा. तो पुन्हा जमतो.

प्रमाण सांगतो. एक बलक, दोन मोठे चमचे म्हणजे ३० मिली लिंबाचा रस, एक छोटा चमचा मस्टर्ड, एक छोटा चमचा वूस्टरशर सॉस, आणि सुमारे १२० मिली तेल. यातलं निम्मं तेल बिनवासाचं घ्यावं, निम्मं एक्स्ट्रा व्हर्जिन ऑलिव्ह. फक्त ऑलिव्ह घेतलं तर सॉस उग्र होतो, आणि ब्लेंडरच्या वेगाने फिरवलेलं एक्स्ट्रा व्हर्जिन तेल चक्क कडवट लागू शकतं. ब्लेंडर वापरायचाच असेल तर त्यात बिनवासाचं तेल फिरवा आणि ऑलिव्ह शेवटी हाताने फेटून घाला. अंडं फ्रिजमधून काढून आधी बाहेर ठेवलं तर काम सोपं होतं.

लसणाचंही एक गणित आहे. अख्ख्या पाकळीला फारसा वास नसतो. पाकळी ठेचली की वेगवेगळ्या कप्प्यांत बंद असलेला एक पदार्थ आणि एक विकर (एन्झाइम) एकमेकांना भेटतात, आणि त्यातून तिखट वासाचं ॲलिसिन तयार होतं. ठेचलेला लसूण तसाच पडून राहिला तर झणझणीतपणा वाढत जातो. आंबट पदार्थ मात्र त्या विकराचं काम रोखतो. म्हणून एक मध्यम पाकळी चिमूटभर जाडसर मिठाबरोबर सुरीच्या पात्याने रगडून लगेच लिंबाच्या रसात टाकायची. चव राहते, जिभेला चटका बसत नाही. दोन पाकळ्या घालायचा मोह आवरावा.

त्याच रसात तीन-चार अँचोवी ठेचून विरघळवा. नीट ठेचल्या तर मासा खातोय असं कुणाला वाटणार नाही. सगळी चव फक्त खोल होते. टोकियोतले रसायनशास्त्रज्ञ किकुनाए इकेदा यांनी १९०८ साली समुद्री शेवाळातून ग्लुटामेट वेगळं काढून त्या चवीला उमामी म्हटलं. मुरलेल्या पार्मेझानमध्ये ग्लुटामेट भरपूर असतं. अँचोवीत त्याच्या जोडीला इनोसिनेट नावाचा, हीच चव देणारा दुसरा पदार्थ असतो, आणि ही दोन्ही एकत्र आली की उमामी नुसती बेरीज होऊन थांबत नाही, कितीतरी पटींनी वाढते. चीज आणि अँचोवीची जोडी या सॅलडमध्ये इतकी जमते ती त्यामुळे. दोन्ही खारट असल्याने वेगळं मीठ अगदी शेवटी, चाखूनच.

मासे न खाणाऱ्यांना अँचोवीऐवजी केपर्स (एका झुडपाच्या खारवलेल्या कळ्या) सुचवले जातात. त्यांनी आंबट-खारटपणा येतो, पण खोली येत नाही. थोडी मिसो (आंबवलेल्या सोयाबीनची जपानी) पेस्ट जास्त जवळ जाते. मात्र वूस्टरशर सॉसही मग बिनमाशाचा शोधावा लागेल, आणि खऱ्या पार्मिजानो-रेज्जानो चीजमध्ये वासराच्या जठरातलं रेनेट (दूध गोठवणारं विरजण) असतं, हेही शाकाहारी वाचकांनी लक्षात घ्यावं. वनस्पतिजन्य किंवा सूक्ष्मजीवांपासूनचं रेनेट वापरलेली तशाच धाटणीची चीजं मिळतात, लेबल वाचा. चीज कुठलंही असो, ४० ग्रॅमचा तुकडा आयत्या वेळी बारीक किसावा. डब्यातल्या तयार भुकटीला ना वास असतो, ना ती सॉसमध्ये नीट मिसळते.

कच्च्या अंड्याबद्दल गुळमुळीत बोलण्यात अर्थ नाही. कच्च्या अंड्यात साल्मोनेला (पोट बिघडवणारे जंतू) असण्याची शक्यता कमी असते, पण असते. मूळ कृतीत अंडं उकळत्या पाण्यात एक मिनिट ठेवतात. त्याने सॉसला किंचित दाटपणा येतो, पण बलक जेमतेम कोमट होतो आणि जंतू मरत नाहीत. लिंबाच्या आंबटपणावरही भिस्त ठेवू नये. गरोदर स्त्रिया, लहान मुलं, वयस्कर माणसं किंवा प्रतिकारशक्ती कमी असलेलं कुणी जेवायला असेल तर पाश्चराइज केलेली (न शिजवता जंतू मारण्यापुरती तापवलेली) अंडी घ्या. ती मिळत नसतील तर बलक, लिंबाचा रस आणि मोठा चमचाभर पाणी एका भांड्यात घेऊन ते उकळत्या पाण्याच्या भांड्यावर धरा आणि सतत ढवळत ७१ अंश सेल्सिअसपर्यंत तापवा, मग लगेच गार करा. थर्मामीटरशिवाय याच्या वाटेला जाऊ नये. तेवढा खटाटोप नको असेल तर बाटलीतलं चांगलं मेयोनेझ घेऊन त्यात लसूण, अँचोवी, लिंबू, चीज कालवा. शुद्धतावादी नाक मुरडतील, पण सॉस चांगला होतो.

ब्रेडचं काम सोपं. जाड सालीचा, आदल्या दिवशीचा ब्रेड १५० ग्रॅम घ्या आणि सुरीने न कापता हाताने तोडा. तोडलेल्या तुकड्यांना खडबडीत कडा येतात, त्या जास्त खरपूस होतात आणि सॉस धरून ठेवतात. दोन-तीन मोठे चमचे तेल चोळून १८० अंशांवर बारा ते पंधरा मिनिटं, मध्ये एकदा हलवून, भाजायचे. ओव्हन नसेल तर पसरट पॅनमध्ये मंद आचेवर. नुसता रंग बघून थांबू नका. एक तुकडा फोडून बघा, आत ओलसर असेल तर आणखी वेळ द्या. गरम तुकड्यांचा ढीग केला तर त्यांचीच वाफ त्यांना मऊ करते, त्यामुळे पसरूनच गार होऊ द्या. लसणाचा वास हवा तर तेलात पाकळी ठेचून तासभर ठेवावी आणि गाळून तेल वापरावं. असं लसणाचं तेल जास्त करून बाहेर ठेवायचं मात्र नाही. तेलाखाली हवा पोहोचत नाही, आणि अशा जागी बोट्युलिझम या जीवघेण्या विषबाधेचे जंतू वाढू शकतात.

कालवायला भांडं वाटतं त्याहून दुप्पट मोठं घ्या. सॉस पानांवर ओतण्याऐवजी भांड्याच्या कडेने फिरवा आणि हातांनी पानं तळातून वर उचलत त्याला लावा. चमच्यांपेक्षा हात बरे, कारण कुठल्या पानाला सॉस लागला नाही ते बोटांना कळतं. सॉस आधी निम्माच घाला. पानावर पातळ, सारखा लेप हवा. पान उचलल्यावर थेंब ओघळला तर सॉस जास्त झाला. मग निम्मं चीज, भरपूर जाडसर मिरपूड, पुन्हा एकदा उलटसुलट, सगळ्यात शेवटी ब्रेड आणि उरलेलं चीज. चाखून बघताना नुसता सॉस चाखू नका, सॉस लावलेलं पान चाखा. पानातलं पाणी चव सौम्य करतं, त्यामुळे वाटीत तीव्र वाटलेला सॉस पानावर बेताचा लागतो. कमी पडलंच तर बहुधा लिंबू.

वर चिकन किंवा कोळंबी घालायला हरकत नाही, फक्त ती गार आणि कोरडी असू दे. गरम चिकनच्या वाफेने पानं दोन मिनिटांत मान टाकतात.

उरलेला सॉस झाकून फ्रिजमध्ये ठेवला तर दोन दिवसांत संपवावा. गार झाल्यावर तो घट्ट होतो. वापरताना चमचाभर पाणी घालून फेटला की पुन्हा सैल होतो. सॉस लावलेली पानं मात्र ठेवून उपयोग नाही, ती त्याच वेळी संपवलेली बरी.